चुलवाणातली ऊब

परवा मोरगावहून येताना सुनेनं रस्त्याकडेच्या गुऱ्हाळापाशी गाडी थांबवली. थंडी नुकती पडू लागली होती. हल्ली माणसं गुऱ्हाळ बघायला थांबतात, रस पितात, काकवीची बाटली घेतात आणि पुढं जातात. सून आणि नातवंडं रसाकडं गेली. माझे पाय मात्र आपोआप मागच्या बाजूला वळले. काठी टेकत मी रस उकळायच्या भट्टीपाशी, चुलवाणापाशी गेले आणि त्याच्या तोंडाशी वाकून आत पाहू लागले.

"आजी, लांब हुबं ऱ्हावा," जाळ घालणारा माणूस म्हणाला. "काय पडलं का आत?"

"न्हाई बाबा. नुसतं बघतेय."

आत पिळलेल्या उसाची चिपाडं धडधडत होती. भरल्या जाळात बघून काय दिसणार? बघायचं असतं ते पेटवण्याआधी. हे त्या माणसाला सांगावंसं वाटलं, पण माझ्या मागं नातवंडं हाका मारत होती आणि सांगायचं तर सगळंच सांगावं लागलं असतं. मी गाडीत येऊन बसले. बारामती येईपर्यंत काचा बंद होत्या, तरी पदराला धुराचा आणि उकळत्या रसाचा वास येत राहिला.

हा वास आला की मला माझ्या लग्नानंतरचा पहिला हिवाळा आठवतो. एकोणीसशे पन्नासनंतरची ती वर्षं. मी इंदापूरची. वडिलांचं पेठेत धान्याचं दुकान होतं. दुकानातलं मांजर म्हणजे घरातलंच माणूस. ते पोत्यांवर झोपायचं, त्याला कुणी उठवायचं नाही. तिथून मी सांगवीला आले, कालव्याच्या पाण्यावर भिजणाऱ्या उसाच्या गावात. सहकारी कारखान्याच्या गोष्टी तेव्हा गावात निघत, पण आमचा ऊस अजून आमच्याच मळ्यातल्या गुऱ्हाळात जात होता. दिवाळी झाली की ऊस पिळायचा चरक बसायचा, रस आटवायची काहील चढायची आणि शिमग्यापर्यंत मळ्यावर दिवसभर धूर असायचा. बायका पहाटे उठून भाकऱ्या थापायच्या आणि पाट्या डोक्यावर घेऊन मळ्याकडं निघायच्या. दवानं भिजलेलं पाचट पायाला टोचायचं. उसाच्या पात्यांनी हातावर बारीक चिरा पडायच्या आणि त्या चिरांत रस गेला की चुरचुरायचं. नव्या नवरीचे माझे हात त्या थंडीत दोन महिन्यांत जुने झाले.

माझी थोरली जाऊ हौसाबाई. मी तिला अक्का म्हणायची. उंच, रुंद हाडाची, आवाज असा की कालव्याच्या अलीकडून हाक मारली तर पलीकडचा बैल मान वळवायचा. लग्नानंतर आठ-पंधरा दिवसांतच माझ्या लक्षात आलं, की अक्का आम्हा सगळ्यांच्या आधी घराबाहेर पडते. मला वाटलं गोठ्यात जात असेल. एका पहाटे तिनंच मला हलवून उठवलं.

"चल माझ्यासंगट. कंदील धर."

आम्ही गुऱ्हाळावर गेलो. चुलवाण अजून पेटलेलं नव्हतं, पण आदल्या दिवसाच्या जाळाची ऊब त्याच्या तोंडातून येत होती. गारठ्यात ती ऊब अंगाला किती बरी वाटली! अक्कानं लांब दांड्यानं चुलवाणाच्या कडेवर ठोकलं, थांबली, पुन्हा ठोकलं. मग जिभेनं चुक्चुक् आवाज केला. आतून राखेनं माखलेलं एक मांजर बाहेर आलं, आळस देऊन आमच्याकडं रागानं पाहिलं आणि चिपाडांच्या ढिगाकडं निघून गेलं.

"बघितलंस? थंडीचं आत जाऊन निजत्यात," अक्का म्हणाली. "पहाटं न बघता जाळ घातला, की संपलं."

हे काम तिला कुणी सांगितलं नव्हतं. कधीपासून करतेस, असं मी विचारलं तेव्हा ती म्हणाली, "मी नवी हुते तवा एकदा रसाच्या आधणाला जळक्या केसाचा वास आला. समद्यांनी नाकं दाबली न् कामाला लागली. मला त्यो वास अजून येतो."

आमचं गुऱ्हाळ बघून झालं की ती शिवेवरच्या दुसऱ्या गुऱ्हाळावर जायची, तिथून पुढच्या. बाप्यांच्या गुऱ्हाळावर पहाटे एकटी बाई आलेली त्यांना आवडत नसे. कुणी हसायचं, कुणी तिला 'मांजरवाली' म्हणायचं. अक्का हसणाऱ्यालाच दांडा धरायला लावायची. "हसून झालं असंल तर तेवढं ठोका बघू," म्हणायची. तिचं म्हणणं साधं होतं: रात्री जाळ विझला की चुलवाणाच्या तोंडावर पत्रा लावावा, आणि पहाटे पेटवण्याआधी कुणीतरी बघावं. देवाधर्माचं ती काढायची नाही. "मांजरं मेली तर उंदीर ढेपा फोडतील, मग बसा बोंबलत," एवढंच सांगायची. हळूहळू दोन-तीन गुऱ्हाळांवर पत्रे लागले. एका मळ्यातल्या म्हाताऱ्यानं तर तिला लांबून ओरडून सांगितलं, "हौसाबाई, बघितलं बरं का आमी! तुमी नगा येऊ एवढ्या लांब!" त्या दिवशी घरी येईपर्यंत ती स्वतःशीच हसत होती.

बायकांशी तिचं वेगळं भांडण होतं. पिल्लं जास्त झाली, की पोत्यात घालून कालव्यापलीकडं नेऊन सोडायची पद्धत होती. धुणं धुताना अक्का प्रत्येकीला दम द्यायची, "पलीकडं सोडायची तर माझ्या दारात सोड." आणि बायका खरंच सोडायच्या. मग आमच्या ओसरीवर पाट्यांखाली पिल्लंच पिल्लं. बारामतीच्या बाजाराला वांगी आणि पेरूच्या पाट्या घेऊन बैलगाडी निघाली, की एका पाटीत फडक्याखाली पिल्लं असायची. भुसाराच्या दुकानापुढं उभी राहून अक्का पिल्लू वर धरायची आणि दुकानदाराला म्हणायची, "शेठ, राखणीला न्या. पगार न्हाय, कपडा न्हाय, रातभर जागतंय." एक पिल्लू मी माझ्या माहेरी इंदापूरला धाडलं. एक वालचंदनगरच्या क्वार्टरमध्ये राहणाऱ्या मावसबहिणीनं नेलं. तिथं ते सायकलच्या टोपलीत बसून फिरतं म्हणे. अक्काला त्याचं फार अप्रूप वाटलं होतं. "आपुन गाडीतनं हिंडतोय, त्ये सायकलीवर!"

मला आज त्या हिवाळ्यातलं हे सगळं उजेडातलंच आठवावंसं वाटतं. पेरूच्या पाटीतून डोकावणारी ती मिचमिच्या डोळ्यांची तोंडं, गुळाच्या वाफेत लाल झालेला अक्काचा चेहरा, तिच्या बोटाला लावलेली काकवी चाटणारं बारकं पिल्लू. तेवढ्यावरच थांबता आलं असतं तर किती बरं झालं असतं.

आमच्या गुऱ्हाळावर जाळ घालायला धोंडीबा म्हणून एक गृहस्थ मोरगावकडून येत. तिकडं सगळी कोरडवाहू जमीन. बाजरी निघाली, ज्वारी पेरून झाली की हाताला काम नसे, म्हणून दर हिवाळ्यात ते आणि त्यांची बायको आमच्या मळ्यात खोपट घालून राहत. पन्नाशीच्या पुढचे, बारीक अंगाचे, मान जरा तिरकी ठेवणारे. बोलणं फार कमी. काहिलीखाली जाळ किती हवा हे ते चुलवाणाच्या आवाजावरून ओळखत. गूळ शिजवणाऱ्या गुळव्यानं "जरा कमी" म्हणायच्या आत त्यांचा हात आवरलेला असे. त्यांच्या हातांचे तळवे मला आठवतात. काळे आणि गुळगुळीत. निखारा पडला तर ते बोटांनी उचलून परत आत टाकत.

अक्काची रीत आमच्या गुऱ्हाळावर सगळ्यात आधी कुणी मनावर घेतली असेल तर धोंडीबांनी. अक्का एखाद्या पहाटे आली नाही, तर ते स्वतः ठोकत, थांबत, मगच पेटवत. "हौसाबाई, बघून घेटलं," असं आल्याआल्या सांगत. अक्काचा त्यांच्यावर इतका भरवसा बसला, की ती दुसऱ्या गुऱ्हाळांवर जास्त वेळ घालवू लागली. आपल्या घरची काळजी नाही, असं म्हणायची.

पौषातली अमावस्या आली. अमावस्येला बैलांना सुट्टी असायची, त्यामुळं चरक बंद, गुऱ्हाळ बंद. चिपाडांच्या ढिगात एक करडी मांजरी व्याली होती. अक्का तिला रोज भाकरीचा तुकडा दुधात कुस्करून घालायची. अमावस्येच्या रात्री थंडी इतकी पडली, की सकाळी वांग्याची पानं करपल्यासारखी झाली होती. चुलवाणाच्या तोंडावर पत्रा लावलेला होता, पण खालच्या राखेच्या भोकाकडून त्या मांजरीनं आपली पिल्लं आत नेली असावीत. दिवसभर बंद असलं तरी आतल्या राखेत ऊब टिकून राहते. कुठल्याही आईनं तेच केलं असतं.

दुसऱ्या दिवशी पहाटे अक्का पलीकडच्या मळ्यात गेली होती. मी भाकऱ्यांची पाटी घेऊन पोहोचले, तेव्हा जाळ नुकता पेटला होता. चरकाचे बैल फिरत होते आणि काहिलीत रस चढला होता. एवढ्यात करडी मांजरी कुठूनशी आली. उंदीर-बिंदीर शोधायला गेली असावी. ती राखेच्या भोकाकडून सरळ आत शिरली. कुणीतरी ओरडलं. ती बाहेर आली तेव्हा तिच्या तोंडात एक पिल्लू होतं. तिच्या पाठीवरचे केस जळत होते. पिल्लू माझ्या पायापाशी टाकून ती परत फिरली. माझे सासरे, ज्यांना सगळे आबा म्हणत, काठी घेऊन आडवे आले, कुणी तिच्यावर पाणी मारलं. पण ती सगळ्यांच्या हातापायांमधून निसटून पुन्हा आत गेली आणि मग आली नाही.

धोंडीबा चुलवाणातली चिपाडं हातांनी ओढून बाहेर काढत होते. पेटलेली चिपाडं, उघड्या हातांनी. आबांनी त्यांना मागं खेचलं.

अक्का आली ती या गोंधळात. तिला काही सांगावं लागलं नाही. वासानंच तिला कळलं. तिनं माझ्या ओच्यातलं पिल्लू पाहिलं, चुलवाण पाहिलं, आणि मग सगळ्या गुऱ्हाळाला ऐकू जाईल अशा आवाजात ती धोंडीबांवर तुटून पडली.

"डोळं फुटलं हुतं का तुमचं? आंधळं हायसा का? एवढं एक सांगितल्यालं काम, त्ये बी हुईना तुमच्यानं?"

धोंडीबा चुलवाणापासून बाजूला झाले. धोतराला हात पुसत उभे राहिले. त्यांची बायको काही सांगायला पुढं आली, तर त्यांनी मान हलवून तिला थांबवलं. अक्का बोलतच राहिली. गडी माणसं, गुळव्या, शेजारच्या मळ्यातून धावत आलेली माणसं, सगळ्यांसमोर. मला तिचा पदर ओढावा असं वाटत होतं, पण नव्या सुनेनं थोरल्या जावेचा पदर ओढायचा नसतो. आणि खरं सांगायचं तर त्या घटकेला सगळ्यांनाच वाटत होतं, की तिचं बरोबर आहे.

त्या दिवशी आधण टाकून दिलं. दुसऱ्या दिवशी पहाटे खोपट रिकामं होतं. धोंडीबा आणि त्यांची बायको निघून गेले होते.

"जाऊ द्या," अक्का म्हणाली. "दुसरा बघा कुणीतरी. डोळं उघडं असलेला."

आबा ओसरीवर बसले होते. ते सावकाश म्हणाले, "हौसा, त्येला दिसत न्हवतं."

"काय म्हंता?"

"गेल्या सालापास्नं. जाळाकडं बघून बघून डोळं गेलं त्येचं. सावली तेवढी दिसती. मला ठावं हुतं. जाळ त्यो कानानं ओळखायचा, म्हणून मी कुणाला बोललो न्हाय."

"मग मला तरी सांगायचं!"

"काय सांगायचं? तुला सांगितलं, की गावाला कळलं. मग कुठल्या गुऱ्हाळावर घेटला असता त्येला?"

अक्काच्या मांडीवर ते पिल्लू होतं, एक कान जळलेलं. कापसाच्या वातीनं ती त्याला दूध पाजत होती. वात तिच्या हातातच राहिली. ती मला म्हणाली, "मी त्येंना आंधळं म्हणाले गं."

शिव्या तर आपण रोज देतो. डोळे फुटले का, कान फुटले का, हात मोडले का. पोरांना देतो, बैलांना देतो, स्वतःलाही देतो. त्या शब्दांचा खरा अर्थ कुणाच्या तरी अंगावर जाऊन बसेल असं कुणाच्या मनात असतं? पण बसतो कधीतरी. आणि मग शब्द परत घेता येत नाही.

या गोष्टीनंतर अक्का कितीतरी वर्षं जगली. मांजरांचं काम तिनं सोडलं नाही. जळक्या कानाचं पिल्लू मोठं झालं, तिच्या मागं मागं मळ्यात हिंडायचं. आसपासच्या सगळ्या गुऱ्हाळांवर राखेच्या भोकालाही जाळी बसली, ती अक्कानंच हट्ट धरून बसवून घेतली. पुढं कारखाना झाला, ऊस तिकडं जाऊ लागला, आमचं गुऱ्हाळ मोडलं. काहील भंगारात गेली. सगळं बदललं, पण अक्काचा तो कालव्यापलीकडं जाणारा आवाज मी पुन्हा कधी ऐकला नाही. कालव्यावर कुणी पिल्लांचं पोतं घेऊन आलं तर ती दम द्यायची नाही. जवळ जाऊन हात पुढं करायची. लोक म्हणायचे, हौसाबाई वयानं निवळली. मी ऐकून घ्यायची.

ती निवळली ती मोरगावहून आल्यावर. त्याच हिवाळ्यात, माघ अर्धा सरल्यावर, ती मला म्हणाली, "माझ्यासंगट मोरगावला येतीस? मला यष्टीच्या पाट्या वाचता येत न्हाईत." अक्का तोवर एस.टी.त बसली नव्हती. बारामतीच्या स्टँडवर तिनं माझा दंड घट्ट धरून ठेवला होता. पदराखाली नव्या गुळाची एक लहान ढेप होती. वाटेत मागं पडत गेलेली हिरवी शेतं संपली, कुसळं आणि खडकाळ माळ लागला, शेळ्यांचे कळप दिसू लागले. ती सगळा वेळ ओठातल्या ओठात काहीतरी जुळवत होती. माफीचे शब्द असावेत. आमच्याकडं अशा शब्दांची सवय नसते. चुकलं तर माणसं कामाला जास्त वाकतात, ताटात जास्त वाढतात. तोंडानं म्हणणं फार जड जातं.

देवळाला बाहेरूनच हात जोडून आम्ही विचारत विचारत घर शोधलं. धोंडीबा अंगणात बाजेवर बसले होते. हातांना फडकी गुंडाळलेली. आमची चाहूल लागताच त्यांनी मान तिरकी केली.

"कोण हाय?"

"मी... हौसा. सांगवीची."

ते गडबडीनं उठायला लागले. "या, या बाई. अगं, च्या टाक. हौसाबाई आल्यात. आबा बरं हायेत नव्हं?"

अक्कानं ढेप त्यांच्यापुढं ठेवली. ती बोलायला लागली, पण वाटेत जुळवलेलं काही तिला आठवेना. "मी त्या दिशी..." म्हणून ती थांबली. धोंडीबांनीच तिला सोडवलं.

"बाई, तुमी बोललात त्येचं मला काय बी वाटलं न्हाय. तुमी खरं तेच बोललात." मग ते म्हणाले, "पर मी बघितलं हुतं. दिसत न्हाय म्हणून मी रोज हात घालून बघायचो. त्या दिशी बी घातला. भोकाकडनं, पार कोपरापतुर. हाताला मऊ लागलं. ऊन लागलं. पर निखारं उचलून उचलून ह्या हातांना आता न्येमकं काय बी कळत न्हाय, बाई. मी राख समजलो."

अंगणात एक शेळी काटक्या चघळत होती. अक्का खाली मान घालून बसली. तिला माफी मागायची होती, आणि मागायला आता काही जागाच उरली नव्हती. तिनं पुढं होऊन धोंडीबांचे फडकी गुंडाळलेले हात आपल्या हातांत घेतले. गावात बाईमाणूस परक्या पुरुषाचा हात धरत नाही. धोंडीबांनी हात काढून घेतले नाहीत.

चहा झाला. निघताना धोंडीबा म्हणाले, "येक पिल्लू जगलं म्हंत्यात?" अक्का म्हणाली, "जगलं. चांगलं हाय. खातंय." ते मानेनं 'बरं झालं' म्हणाले.

त्यांची बायको आम्हाला एस.टी.पर्यंत सोडायला आली. थांब्यावर आलो, तशी ती अक्काला म्हणाली, "बाई, येक सांगू? रोज पहाटं मी चूल पेटवाया बसले, की ह्ये उठून येत्यात. मला म्हंत्यात, थांब. चुलीत हात घालत्यात न् समदी राख चाळत बसत्यात, पार गार तळापतुर. मगच मला काडी वडू देत्यात."

"चूल बारकीच असंल की तुमची," अक्का कशीबशी म्हणाली.

"बारकीच हाय," ती म्हणाली. "आन् घरात मांजर बी न्हाय, बाई. आमी कवा पाळलंच न्हाय."